गिरणगावातल्या बँडवाल्याने सलग नऊ ज्युबिल्या कशा काढल्या? दादा कोंडकेंची गोष्ट

दादा कोंडके म्हटलं की डोळ्यांसमोर काय येतं? गुडघ्यापर्यंतची ढगळ चड्डी, पुढे लोंबणारी नाडी, चेहऱ्यावर भोळाभाबडा भाव आणि तोंडात असं एखादं वाक्य की घरात मोठी माणसं बसलेली असतील तर पटकन मोबाइलचा आवाज कमी करावा लागतो.

डबल मीनिंगचा बादशाह. बहुतेकांसाठी दादांची ओळख इथे सुरू होते आणि इथेच संपते.

पण एक हिशोब बघा. १९७१ ते १९८२ या अकरा वर्षांत दादांचे नऊ मराठी सिनेमे आले आणि नऊच्या नऊ सिनेमांनी रौप्यमहोत्सव केला. म्हणजे प्रत्येक सिनेमा किमान २५ आठवडे थिएटरात टिकला. या विक्रमासाठी त्यांचं नाव गिनीज बुकात गेलं. आता जरा विचार करा, नुसत्या चावट विनोदावर माणूस एकदा हसतो, दुसऱ्यांदा हसतो. अकरा वर्षं तिकिटाच्या रांगेत उभा राहील का?

या प्रश्नाचं उत्तर दादांच्या विनोदापेक्षा त्यांच्या प्रेक्षकांमध्ये जास्त सापडतं.

नायगावचा कृष्णा

दादांचं खरं नाव कृष्णा खंडेराव कोंडके. जन्म ८ ऑगस्ट १९३२ चा, मुंबईतल्या नायगावचा. मूळ गाव पुणे जिल्ह्यात, भोरजवळचं इंगवली.

नायगाव, लालबाग, परळ हा सगळा पट्टा म्हणजे गिरणगाव. इथल्या चाळींमध्ये कोकणातून, घाटावरून आलेली माणसं राहायची. आठ-दहा बाय दहाच्या खोलीत डझनभर माणसं, पाळीप्रमाणे काम आणि पाळीप्रमाणेच झोप. बायकापोरं गावाला, महिन्याची मनीऑर्डर गावाला आणि गणपतीला, शिमग्याला, जत्रेला स्वतःही गावाला. शरीर मुंबईत असलं तरी मन गावच्या पारावर, अशी ही वस्ती.

करमणुकीच्या बाबतीत मात्र गिरणगाव श्रीमंत होतं. भजनी मंडळं, शाहिरांचे पोवाडे, गणेशोत्सवातले मेळे, तमाशाचे फड, कामगार रंगभूमी. दिवसभर मशीनचा खडखडाट ऐकलेल्या माणसाला रात्री ढोलकी ऐकायची असायची.

कृष्णा याच वातावरणात वाढला. तरुणपणी वस्तीतला दांडगा पोरगा म्हणून तो प्रसिद्ध होता. पुढे एका बँडमध्ये वाजवायला लागला आणि 'अपना बाजार'मध्ये नोकरीही केली. याच काळात घरावर मोठा आघात झाला. थोड्याच अवधीत जवळची माणसं एकामागून एक गेली. मोठे भाऊ धोंडीराम तेवढे उरले. या धक्क्यातून बाहेर येताना कृष्णाला सापडलेला रस्ता म्हणजे लोकांना हसवणं.

कोतवालाच्या दरबारातला हवालदार

बँडमधून दादा पोचले राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात. समाजप्रबोधन करायचं, पण लोकनाट्याच्या अंगाने, हा कलापथकाचा बाज होता. तिथे त्यांना निळू फुले आणि राम नगरकर यांच्यासारखे साथीदार भेटले. प्रेक्षकांच्या पुढ्यात उभं राहून, त्यांची नाडी ओळखून तिथल्या तिथे वाक्य फिरवायचं, हे शिक्षण दादांना इथेच मिळालं.

मग दादांनी स्वतःचा संच उभा केला आणि लेखक वसंत सबनीस यांच्याकडून एक लोकनाट्य घेतलं. त्याचं नाव 'विच्छा माझी पुरी करा'.

एक भोळसट राजा, कारस्थानी प्रधान, कोतवालाची जागा, मैनावती आणि हवालदार असा सगळा मामला. हवालदार होते दादा. सबनीसांची संहिता बांधीव होती, पण त्यातही दादांना मोकळं रान होतं. ज्या गावात प्रयोग, तिथल्या घडामोडी त्याच रात्री वगात यायच्या. राज्यातलं, देशातलं ताजं राजकारण यायचं. एकदा बघितलेला माणूस पुन्हा यायचा, कारण दुसऱ्या प्रयोगात काहीतरी वेगळं असणार हे त्याला ठाऊक असायचं.

या लोकनाट्याचे दीड हजारांच्या घरात प्रयोग झाले. महाराष्ट्रभर हिंडताना कोणत्या भागात कोणत्या वाक्याला हशा येतो, बायका कुठे हसतात, पुढची रांग कुठे शांत होते, याचा जणू एक नकाशाच दादांच्या डोक्यात तयार झाला. पुढे सिनेमा काढताना हाच नकाशा कामाला आला.

'विच्छा'च्या चाहत्यांमध्ये आशा भोसले होत्या. त्यांनीच दादांचं नाव भालजी पेंढारकरांना सुचवलं असं सांगितलं जातं. भालजींनी १९६९ च्या 'तांबडी माती'मध्ये दादांना पहिल्यांदा पडद्यावर आणलं. या सिनेमाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

इथे एखाद्याने ठरवलं असतं की आता भूमिका मिळतायत, करत राहू. दादांनी थेट निर्माता व्हायचं ठरवलं.

कडेचा माणूस मधोमध आला

तेव्हाचा मराठी सिनेमा कुठे उभा होता ते बघायला हवं. १९५९ मध्ये अनंत मानेंचा 'सांगत्ये ऐका' आला आणि पुण्याच्या विजयानंद थिएटरात तो १३१ आठवडे चालला. त्यानंतर तमाशापटांची रांगच लागली. पाटील, फौजदार, नर्तकी, सूड, फेटे आणि लावण्या. सुरुवातीला लोकांनी डोक्यावर घेतलं, पण दहा वर्षांत तोच तो मसाला शिळा झाला.

दादांनी तमाशाच घेतला, पण एक गोष्ट उलटी केली. तमाशात सोंगाड्या असतो. तो नायकाच्या बाजूला उभा राहतो, खोचक प्रश्न विचारतो, हशा घेतो आणि मागे सरकतो. दादांच्या सिनेमात हा कडेचा माणूसच नायक झाला. सिनेमाचं नावच ठेवलं 'सोंगाड्या'.

कथा वसंत सबनीसांची, दिग्दर्शन गोविंद कुलकर्णींचं. नाम्या नावाचा एक भोळा पोरगा, त्याची करारी आई आणि तमाशातली कलावती. तमाशाच्या नादाला लागलेल्या नाम्याला आई घराबाहेर काढते आणि पुढची गंमत सुरू होते. आई रत्नमाला, कलावती उषा चव्हाण, सोबत निळू फुले आणि गणपत पाटील.

नाम्या देखणा नव्हता, ताकदवान नव्हता, त्याच्याकडे जमीनजुमलाही नव्हता. पण समोरच्या शहाण्याला तो एका वाक्यात गप्प करायचा. गावात पाटलापुढे आणि गिरणीत मुकादमापुढे मान खाली घालणाऱ्या माणसाला हा नायक बघून काय वाटलं असेल, याचा अंदाज बांधणं अवघड नाही.

कोहिनूरच्या दारातला राडा

सिनेमा तयार झाला, पण दाखवायचा कुठे?

मुंबई ही हिंदी सिनेमाची राजधानी. चांगल्या थिएटरांच्या तारखा हिंदी सिनेमे घेऊन जायचे. मराठी निर्मात्याच्या वाट्याला यायचे उरलेले आठवडे, नाहीतर आडवेळेचे शो. १९७१ मध्ये दादरच्या कोहिनूर थिएटरात 'सोंगाड्या' लागणार होता. ऐनवेळी थिएटरने हात वर केले, कारण देव आनंद यांचा 'तेरे मेरे सपने' आला होता.

दादा बाळासाहेब ठाकरेंकडे गेले. शिवसेनेला तेव्हा जेमतेम पाच वर्षं झाली होती आणि मराठी माणसाला मुंबईत डावललं जातं हाच तिचा मुख्य मुद्दा होता. मराठी सिनेमाला दादरमध्ये, मराठी वस्तीच्या मधोमध थिएटर मिळत नाही, याहून नेमकं उदाहरण कुठलं असणार? शिवसैनिक कोहिनूरवर धडकले आणि 'सोंगाड्या' पडद्यावर आला.

हा किस्सा बहुतेक वेळा इथेच संपवला जातो. पण आंदोलन करून थिएटर मिळवता येतं, २५ आठवडे खुर्च्या भरता येत नाहीत. ते काम नाम्याने केलं. दादा आणि शिवसेना यांचं नातं मात्र तेव्हापासून जे जुळलं, ते शेवटपर्यंत टिकलं. नव्वदच्या दशकात ग्रामीण महाराष्ट्रात सेनेच्या प्रचारसभांना दादा उभे राहायचे आणि त्यांची ती ठसकेबाज भाषणं ऐकायला गर्दी लोटायची.

टीम बदलायची नाही

'सोंगाड्या'नंतर १९७२ मध्ये 'एकटा जीव सदाशिव' आला. याच कथेवर पुढे २००० मध्ये गोविंदाला घेऊन 'जिस देश में गंगा रहता है' हा हिंदी सिनेमा निघाला. १९७३ मध्ये 'आंधळा मारतो डोळा'. हे तीनही सिनेमे दुसऱ्यांनी दिग्दर्शित केले होते. १९७५ च्या 'पांडू हवालदार'पासून दिग्दर्शनही दादांनी आपल्या हातात घेतलं.

आता निर्माते दादा, दिग्दर्शक दादा, नायक दादा आणि अनेक गाण्यांचे गीतकारही दादाच. सगळं एकट्याने करणारा माणूस सहसा सगळ्यांशी भांडून एकटा पडतो. दादांनी उलटं केलं. 'कामाक्षी पिक्चर्स' या बॅनरखाली त्यांनी एक पक्का संच बांधला आणि तो शक्यतो बदलला नाही. नायिका उषा चव्हाण. लेखनाला राजेश मुजुमदार. प्रमुख सहायक बाळ मोहिते. नायकाचा आवाज महेंद्र कपूर, नायिकेचा उषा मंगेशकर.

अमृतसरमध्ये जन्मलेल्या महेंद्र कपूरांचा आवाज आणि अस्सल गावरान दादा, ही जोडी कागदावर कुणालाही पटली नसती. पडद्यावर मात्र गाणं दादाच म्हणतायत असं वाटायचं.

संगीताची गोष्ट तर आणखी भारी आहे. 'पांडू हवालदार'साठी दादांनी सुरेंद्र आणि नागपूरचे विजय पाटील या जोडीला संधी दिली आणि त्यांचं नाव ठेवलं 'राम लक्ष्मण'. त्यातले राम म्हणजे सुरेंद्र लवकरच वारले. विजय पाटलांनी जोडीचं नाव तसंच ठेवून काम सुरू ठेवलं. १९८९ चा 'मैंने प्यार किया' आणि १९९४ चा 'हम आपके हैं कौन' या सिनेमांवर जे रामलक्ष्मण नाव दिसतं, ते हेच. देशभर वाजलेल्या त्या गाण्यांच्या मागचं नाव दादांनी ठेवलेलं होतं.

'पांडू हवालदार'ने अशोक सराफांनाही मोठं केलं. बँकेत नोकरी करून नाटक-सिनेमा करणारा हा नट या सिनेमामुळे महाराष्ट्राच्या घराघरात पोचला. सिनेमाचा परिणाम असा की पोलिस शिपायासाठी 'पांडू' हा शब्द बोलीत कायमचा जाऊन बसला. दादांनी हा सिनेमा 'चंदू जमादार' नावाने गुजरातीतही काढला.

पुढे १९७६ मध्ये 'तुमचं आमचं जमलं', १९७७ मध्ये 'राम राम गंगाराम', १९७८ मध्ये 'बोट लावीन तिथं गुदगुल्या', १९८० मध्ये 'ह्योच नवरा पाहिजे' आणि १९८२ मध्ये 'आली अंगावर'. या वर्षांकडे नीट बघा. एका हिटनंतर घाईघाईने चार सिनेमे काढण्याचा मोह दादांनी टाळला. वर्षाला एक, फार तर दोन वर्षांनी एक. एक सिनेमा शहरातून उतरला की तालुक्याला, तिथून जत्रेतल्या तंबू थिएटरात जायचा. गावातल्या माणसाने तो बघून पोटभर हसून घेतलं की दादांचा पुढचा सिनेमा यायचा.

चावटपणाचं काय?

हा मुद्दा टाळून दादांबद्दल लिहिता येत नाही.

सेन्सॉर बोर्ड आणि दादा यांची झटापट प्रत्येक सिनेमाला ठरलेली. गंमत अशी की कात्री कुठे लावायची हेच बोर्डाला कळायचं नाही. वाक्य वाचलं तर सरळ, ऐकलं तर वाकडं. शब्दात काहीच वावगं नाही, अर्थ ऐकणाऱ्याच्या मनात, हा दादांचा ठरलेला बचाव होता.

ही युक्ती दादांनी शोधलेली नव्हती. तमाशातली गवळण, मावशी आणि सोंगाड्याची बतावणी शेकडो वर्षं अशीच चालत आली आहे. फडात जे उघड चालायचं ते दादांनी सिनेमात आणलं आणि सुशिक्षित समाजाला पहिल्यांदाच आपल्या शेजारच्या खुर्चीवर बसून ते ऐकावं लागलं.

तरीही परंपरा सांगून सगळं माफ होत नाही. दादांच्या सिनेमात विनोदाचं निशाण बऱ्याचदा बाईचं शरीर असायचं. उषा चव्हाणांच्या भूमिका फटकळ आणि जशास तसं उत्तर देणाऱ्या होत्या, पण कॅमेरा नेहमीच तितका सभ्य नव्हता. आज हे सिनेमे बघताना काही जागी अवघडायला होतं आणि ते अवघडणं रास्त आहे.

पण त्याच काळातला दुसरा मराठी सिनेमाही लक्षात घ्यायला हवा. 'पांडू हवालदार' आला त्याच १९७५ मध्ये विजय तेंडुलकरांनी लिहिलेला, जब्बार पटेलांचा 'सामना' आला. १९७९ मध्ये 'सिंहासन' आला. हे सिनेमे थोर आहेत यात वादच नाही. मात्र चर्चासत्रं त्यांची व्हायची आणि रांगा दादांच्या सिनेमाला लागायच्या. निळू फुले हे दोन्हीकडे होते, 'सोंगाड्या'तही आणि 'सामना'तही. प्रेक्षक मात्र दोन वेगळ्या महाराष्ट्रांतले होते.

आणि याच चावट म्हटल्या गेलेल्या माणसाच्या 'तुमचं आमचं जमलं'मधून 'अंजनीच्या सुता' हे गाणं आलं. दरवर्षी हनुमान जयंतीला गावोगावच्या मारुतीच्या देवळावर ते वाजतं. त्याचे शब्द दादांनी लिहिलेत, हे वाजवणाऱ्यांपैकी अनेकांना माहीतही नसतं.

१९८२ साली काय बदललं?

'आली अंगावर' हा नववा रौप्यमहोत्सवी सिनेमा. साल १९८२.

त्याच वर्षी १८ जानेवारीला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली मुंबईतल्या गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. जवळपास अडीच लाख कामगार त्यात उतरले. हा संप अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. गिरण्या हळूहळू बंद पडत गेल्या, कामगार गावाकडे परतले किंवा मिळेल ते काम करू लागले. चाळींमधली वर्दळ ओसरली.

दादांच्या यशाची साखळी फक्त संपामुळे तुटली असं म्हणणं सोपं होईल. टीव्ही घरात येत होता, व्हिडिओ आला होता. पण मुंबईत राहून गावाचं स्वप्न बघणारा, आठवड्याच्या सुट्टीला दादरला येऊन नाम्यावर हसणारा जो प्रेक्षक होता, त्याच्या पायाखालची जमीनच सरकली, हेही खरं आहे.

दादा हिंदीकडे वळले. १९८४ मध्ये 'तेरे मेरे बीच में', १९८६ मध्ये 'अंधेरी रात में दिया तेरे हाथ में'. नावं गाजली, सिनेमे तसे गाजले नाहीत. कारण दादांचा विनोद शब्दात कमी आणि बोलीत जास्त होता. भोरच्या खेड्यातला हेल, मध्येच गिळलेलं अक्षर, आईला मारलेली हाक, हे हिंदीत नेताना वाटेतच सांडलं. मागे उरला तो फक्त द्व्यर्थ.

इकडे मराठीतही वारं फिरलं. १९८४ मध्ये सचिन पिळगावकरांचा 'नवरी मिळे नवऱ्याला', १९८५ मध्ये महेश कोठारेंचा 'धुमधडाका', १९८८ मध्ये 'अशी ही बनवाबनवी'. आता नायक शर्ट-पँट घालून स्कूटरवर फिरत होता, भाड्याची खोली शोधत होता. लक्ष्मीकांत बेर्डे आला होता आणि दादांनी घराघरात पोचवलेले अशोक सराफ या नव्या लाटेचे मोठे स्टार होते.

दादा थांबले नाहीत. १९९० मध्ये 'पळवा पळवी', १९९२ मध्ये 'येऊ का घरात', १९९४ मध्ये 'सासरचं धोतर', १९९६ मध्ये 'वाजवू का'. त्यांना मानणारा प्रेक्षक येत राहिला, पण सलग नऊ ज्युबिल्यांचे दिवस मागे पडले होते.

१४ मार्च १९९८ ला मुंबईत हृदयविकाराच्या झटक्याने दादा गेले. वय होतं ६५. लाखोंना हसवणारा हा माणूस घरी मात्र बराचसा एकटा होता. अनिता पाध्ये यांनी शब्दबद्ध केलेल्या त्यांच्या आत्मकथनाचं नावही 'एकटा जीव' असंच आहे.

दादांनी मागे काय ठेवलं?

'बोट लावीन तिथं गुदगुल्या'मधलं 'ढगाला लागली कळ' हे दादांचं गाणं २०१९ मध्ये 'ड्रीम गर्ल' या हिंदी सिनेमासाठी रिमिक्स झालं आणि ज्यांनी दादांचा एकही सिनेमा बघितला नाही अशी पोरं त्यावर नाचली.

पण दादांनी मागे ठेवलेली मोठी गोष्ट गाण्याच्या पलीकडची आहे. 'सोंगाड्या'नंतर तब्बल ४४ वर्षांनी, २०१५ मध्ये राज्य सरकारने मल्टिप्लेक्सनी मराठी सिनेमा प्राइम टाइमला दाखवावा असं फर्मान काढलं. म्हणजे मुंबईत मराठी सिनेमाला जागा मिळत नाही ही रड १९७१ मध्ये होती आणि अजूनही आहे. दर दोन-चार महिन्यांनी एखादा निर्माता तीच तक्रार करतो.

दादांनाही ती तक्रार करावी लागली होती. फरक इतकाच की कोहिनूरचं दार उघडलं तेव्हा आत येऊन बसायला लोक बाहेर उभे होते. दीड हजार प्रयोगांत, गावोगावच्या मैदानांवर दादांनी ते आधीच जोडून ठेवले होते. सरकारचं फर्मान किंवा पक्षाचं आंदोलन पडदा मिळवून देऊ शकतं. समोरच्या खुर्चीतला माणूस मात्र ज्याचा त्यालाच आणावा लागतो, आणि दादा कोंडकेंनी तो सलग नऊ वेळा आणून दाखवला.